दोषांची वही

मामांच्या टेबलावर माशी बसायला आलीच, तर आधी पाय पुसून येते, असं त्यांच्या कचेरीत म्हणत. हे मामांच्या कानावर आलं होतं, पण त्यांना त्यात विनोद दिसला नव्हता. माशी टेबलापर्यंत पोचतेच कशी, एवढाच प्रश्न त्यांना पडला होता.

कचेरी म्हणजे जुन्या फिल्मांचं भांडार. ठिकठिकाणांहून मळलेली, चिकटलेली, ओरखडे पडलेली रिळं इथे यायची आणि मामा ती साफ करायचे. एकतीस वर्षं हेच काम. टेबलाच्या मधोमध दुधी काच, काचेखाली दिवा. दिव्यावरून फिल्म हळूहळू सरकवायची, डोळ्याला भिंग लावून एकेक डाग शोधायचा आणि आधी वहीत उतरवायचा. कितव्या फुटावर, कुठल्या बाजूला, काय आहे. मग औषध, ब्रश, मखमलीचा तुकडा. निघालेल्या धुळीतली चिमूटभर धूळ तारीख घातलेल्या पाकिटात जायची. उद्या कोणी येऊन म्हणालं, आमची फिल्म एवढी मळलेली नव्हतीच, तर पुरावा नको? एकतीस वर्षांत असं म्हणायला एक माणूस आला नाही. पण पाकिटं साठत गेली आणि त्यांनी एक कपाट भरून टाकलं.

वहीत आणखी एक रकाना होता. फिल्मच्या एका कडेला आवाजाची बारीक पट्टी असते. चित्रावर कचरा बसला तर तो पडद्यावर दिसतो, पण या पट्टीवर बसला तर चक्क ऐकू येतो. नवे लोक यंत्रावर रीळ चढवून हा आवाज तपासत. मामा नुसता डाग बघून सांगत, "हा टक् करेल." किंवा, "हा लांबडा आहे, खर्र जाणार." पैज लावणारे हरत, म्हणून हल्ली कोणी पैज लावत नसे.

आता माणूस म्हटला की एखादी दुखरी नस असतेच. मामांची नस म्हणजे डोकं. ते डोकं दुधी काचेइतकंच गुळगुळीत होतं. "माझे केस कधी गळलेच नाहीत," असं मामा छातीठोकपणे सांगत. "घर बदललं, त्या घरचं पाणी खारं निघालं, आठवड्यात सगळे गेले."

"आठवड्यात गेले तर मग गेले कुठे?" मामी विचारत. "उशीवर नाहीत, कंगव्यात नाहीत, मोरीत नाहीत. पोळ्या लाटताना मी जन्मभर डोक्याला फडकं बांधलं, ते काय तुमच्या केसांच्या भीतीनं? माझ्याच केसांच्या. तुमचे केस मला घरात कधी सापडलेच नाहीत."

"म्हणजे मी म्हणतो तेच. गळत नव्हते."

या वादाचा निकाल चौदा वर्षं लागला नव्हता.

मामांची भाची लहानपणी एका जागी बसत नसे, म्हणून घरात तिला भिंगरी म्हणत. शिकायला म्हणून ती मामा-मामींकडे येऊन राहिली आणि पुढे चार गल्ल्या सोडून एक खोली घेऊन तिथे राहायला लागली. ती फिल्मा करायची. पण कशा? माणूस नाही, गोष्ट नाही, गाणं तर नाहीच. पहिली फिल्म नऊ मिनिटांची. पडद्यावर तांबडा रंग, तो हळूहळू नारिंगी होतो, आणि मागे थेंब पडल्याचा आवाज. मामी दोनदा उठून स्वयंपाकघरातला नळ बंद करून आल्या. दुसरीत एक पडदा वाऱ्यानं हलतो; अकरा मिनिटं हलतोच. मामांना तिसऱ्या मिनिटाला डुलकी लागली. भिंगरीनं हलवल्यावर ते म्हणाले, "छे, छे! आवाजाकडे लक्ष होतं माझं. डोळे मिटून ऐकत होतो." आवाज त्या फिल्मला नव्हताच.

तरी त्यांचा तिच्यावर जीव होता. "काय करते ते मला कळत नाही," ते मामींना सांगत, "पण रीळ मात्र फार व्यवस्थित गुंडाळते हो."

आठ महिन्यांपूर्वी कचेरीत ठरलं, की मामा निवृत्त व्हायच्या आत ते कपाट रिकामं व्हायला हवं. पाकिटं फेकायची. मामांना वाईट वाटलं. पण धुळीसाठी साहेबाशी भांडायचं तरी कोणत्या तोंडानं? भिंगरीला कळलं तशी ती दोन मोठ्या पिशव्या घेऊन हजर झाली.

"मला दे ती पाकिटं, मामा."

"कचरा आहे तो. काय करणार?"

"बघू."

मामांनी पाकिटं वर्षवार लावून, दोरीनं बांधून दिली. कचरा झाला म्हणून काय झालं, क्रम चुकून कसा चालेल? त्यानंतर त्यांनी चौकशी केली नाही. तरुण माणसांनी काय साठवावं हे त्यांचं त्यांनी बघावं.

मामांचा कामाचा शेवटचा दिवस शनिवारी होता. त्याच आठवड्यात सोमवारी सकाळी भिंगरी एक डबा घेऊन कचेरीत आली.

"नवी फिल्म. शुक्रवारी संध्याकाळी दाखवायची आहे. यंत्रात घालायला पुढे-मागे कोरी पट्टी जोडून दे फक्त. तुझ्यासारखा जोड कोणाला जमत नाही."

"ते खरंच आहे," मामा म्हणाले.

"आणि मामा, बघू नकोस हं. पडद्यावरच बघायची. आठ महिने राबलेय. आतापर्यंतचं सगळ्यांत चांगलं काम आहे माझं. आणि हिची दुसरी प्रत नाहीये, जपून."

मामींच्या मते मामांना फक्त शेवटचं वाक्य ऐकू आलं. जपून.

आता जोड द्यायचा म्हणजे टोक उघडायला हवं. मामांनी टोक दिव्यावर धरलं आणि लगेच भिंग लावलं. फिल्मवर चित्र नव्हतं, ते एक ठीक. भिंगरीच्या फिल्मवर ते नसणारच. पण धूळ! तंतू, केस, कण, चुरा, वरपासून खालपर्यंत, अगदी आवाजाच्या पट्टीवरसुद्धा. बोट लावून पाहिलं तर चिकट. मामांनी भिंग खाली ठेवलं आणि अनुभवी माणसासारखा विचार केला. आधी पोरीनं रिळावर सरबत सांडलं. मग घाबरून रीळ हातातून सोडलं. मग ते जमिनीवर गडगडत गेलं. मग तिनं ते, देव जाणे, झाडूनं गोळा केलं. आणि आता सांगायची लाज वाटते म्हणून म्हणते, बघू नकोस.

"एवढंच ना," मामा स्वतःशी म्हणाले. मामाला सांगायला लाजतात होय? त्यांना एकदम भरून आलं. जाता जाता भाचीच्या उपयोगी पडायचं होतं तर!

मंगळवारी दिवसभर त्यांनी दोष उतरवले. त्र्याण्णव नोंदी झाल्या. इतकं मळलेलं रीळ त्यांनी उभ्या जन्मात पाहिलं नव्हतं. बुधवारी औषध लावलं. एका हातानं तो चिकटपणा जाईना, दुसऱ्या हातानंही जाईना, तिसऱ्याला गेला. मग ब्रश, मग मखमल. संध्याकाळी फिल्म अशी लख्ख झाली, की दिव्यावर धरली तर आहे का नाही कळेना. घरी येऊन मामा चार घास जास्त जेवले.

गुरुवारी दुपारी भिंगरी आली. मामांनी डबा पुढे सरकवला आणि खुर्चीला टेकून, हाताची घडी घालून बसले. बक्षीस घ्यायला बसतात तसे.

तिनं झाकण काढलं. टोक काढून दिव्यावर धरलं. वीतभर ओढलं, मग हातभर, मग भराभरा ओढतच गेली. फिल्म टेबलावरून खाली आली.

"अगं, जमिनीला लागेल," मामा म्हणाले. "पुन्हा होईल तसंच."

भिंगरी स्टुलावर बसली. "मामा, कचरा कुठे गेला?"

"काढला. औषधाचे तीन हात द्यावे लागले. तुला सांगायची लाज वाटली असेल, पण मला काय..."

"मामा, तो कचराच फिल्म होती."

मामांच्या हाताची घडी सुटली.

मग तिनं सांगितलं. रडत नव्हती, आवाजही चढवला नाही. मामांना ते जास्त लागलं. ती धूळ मामांच्याच पाकिटांतली होती. पहिल्या वर्षापासून शेवटच्या वर्षापर्यंत, क्रमानं, चिमट्यानं एकेक कण उचलून तिनं कोऱ्या फिल्मवर डिंकानं लावला होता. काही चित्राच्या जागी, काही आवाजाच्या पट्टीवर. लोकांच्या डोळ्यांना दिसू नये, कानांना ऐकू येऊ नये म्हणून मामा एकतीस वर्षं जे काढत आले, तेच तिला सहा मिनिटं दाखवायचं होतं, ऐकवायचं होतं. एकदा यंत्रातून गेल्यावर बरंचसं झडूनच जाणार होतं. म्हणून दुसरी प्रत नव्हती.

"तुझी फिल्म होती, मामा. निवृत्तीची."

आपण कोणाचं काही मोडलं, असं मामांच्या हातून कधी झालं नव्हतं. झालं ते नेमकं हिच्या बाबतीत, आणि तेही मन लावून, तीन हात औषध देऊन.

"मी जाते," भिंगरी म्हणाली आणि डबा तिथेच ठेवून गेली.

घरी मामींनी सगळं ऐकून घेतलं. "ती बघू नको म्हणाली होती ना?"

"हो."

"मग?"

"घाण होती गं ती."

"जित्याची खोड मेल्याशिवाय जायची नाही, दुसरं काय! उद्या मी मेले तर मलासुद्धा पुसून, पाकिटात घालून ठेवाल." पण मामांनी पानावरून हात आखडता घेतलाय हे पाहिल्यावर त्या जरा नरमल्या. "जाऊन माफी मागा. नुसती तोंडानं नको. काहीतरी हातात घेऊन जा."

हातात काय घेऊन जाणार? शुक्रवारी सकाळी मामा भिंगरीच्या दारात उभे राहिले ते एका हातात डबा आणि दुसऱ्या हातात वही घेऊन.

"काय होतं ते सगळं लिहिलेलं आहे," ते म्हणाले. "मी आधी उतरवतो, मग काढतो. नियमच आहे. यावरून तुला पुन्हा करता येईल. आज नाही, पण कधीतरी. मी चिकटवू लागेन. मला माफ कर, पोरी. मला कळलंच नाही. मला कधीच कळत नाही तुझं."

भिंगरीचे डोळे सुजलेले होते. तिनं वही घेतली, ती मामांचा मान राखायला म्हणून. पहिलं पान वाचलं. दुसरं वाचलं. मग दारातच खाली बसून वाचायला लागली.

फूट ९: तंतू, निळा, सुती, डावीकडे वर. आवाज नाही.
फूट ११: कण, सात-आठ, आवाजाच्या पट्टीवर. टिक टिक टिक, मग दोन एकदम.
फूट १४: केस, काळा, दीड इंच, वळणदार. चित्रावर मधोमध.
फूट १७: चुरा, बारीक. पाऊस पडल्यासारखं.

"मामा, पाऊस पडल्यासारखं म्हणजे कसं?"

"म्हणजे... सर्र... असं. पत्र्यावर नाही, मातीवर."

"पुन्हा कर."

"काय?"

"तो आवाज."

मामांनी जिन्याकडे पाहिलं. कोणी नव्हतं. "सर्रर्र," त्यांनी केलं.

"आणि फूट ११?"

"टिक टिक टिक. टिक्टिक्."

भिंगरी उठून उभी राहिली. तिच्या चेहऱ्यावर जे आलं ते मामा ओळखत होते. लहानपणी घड्याळ खोलायला बसायच्या आधी हेच यायचं. "मामा, संध्याकाळी तू यायचंस. वही घेऊन. आणि इस्त्रीचा सदरा घाल."

"माझं काय काम?"

"तू वाचायचंस."

मामांच्या तोंडचं पाणी पळालं. चारचौघांत ते कधी बोलले नव्हते. स्वतःच्या लग्नात नाव घ्यायची वेळ आली तेव्हासुद्धा त्यांना खोकला आला होता. पण आदल्या दिवशीचं "मी जाते" त्यांच्या कानांतून गेलं नव्हतं. ते बरं म्हणाले.

हॉल छोटा होता. चाळीस खुर्च्या आणि तीसेक माणसं. सगळी काळ्या कपड्यांत, त्यामुळे प्रत्येकाच्या खांद्यावरची धूळ मामांना लांबूनही दिसत होती. पहिल्या रांगेत मामी पर्स मांडीवर घट्ट धरून बसल्या होत्या. नळ कुठे आहे ते त्यांनी आधीच पाहून ठेवलं होतं. भिंगरीनं पुढे येऊन जे झालं ते जसंच्या तसं सांगितलं. लोक हसले. मामा भिंतीशी उभे होते, त्यांना वाटलं जमिनीनं पोटात घ्यावं. मग दिवे गेले, यंत्र घरघरायला लागलं आणि पडदा पांढरा झाला. नुसता पांढरा. त्या उजेडात वहीतली अक्षरं स्वच्छ दिसत होती, एवढंच काय ते बरं.

"फूट नऊ," मामा म्हणाले, आणि त्यांना खोकला आला. "तंतू, निळा, सुती. डावीकडे वर." नकळत त्यांनी पडद्याकडे बोट केलं. तीस माणसांनी डावीकडे वर पाहिलं.

"फूट अकरा. टिक टिक टिक. टिक्टिक्."

कोणीतरी फिसकन हसलं. मामा पुढे गेले. फिल्म थांबत नव्हती, मग त्यांना थांबून कसं चालेल? सतराव्या फुटाला त्यांनी सर्रर्र केलं, चोविसाव्याला खर्र, तिसाव्याला टप्, टप् आणि मग जरा थांबून, "हा मोठा आहे, याचा धप् येणार. धप्!" हसणं थांबलं होतं. माणसं मामा सांगतील तिकडे बघत होती, खाली उजवीकडे, मधोमध, कडेला. मागच्या रांगेतला एक दाढीवाला तर डोळे मिटून बसला होता. झोपला असणार, मामांच्या मनात आलं. पण सर्रर्र झालं की त्याच्या भुवया वर जात होत्या. मामांचा आवाज मोकळा व्हायला लागला. एकतीस वर्षं त्यांनी हे आवाज डोक्यात ऐकले होते, कोणाला ऐकवायचे म्हणून कधी नाही.

"फूट सत्तर. केस, काळा, सव्वा इंच, वळणदार." इतक्या वर्षांत, इतक्या ठिकाणच्या फिल्मा, आणि कसं कोण जाणे, केस मात्र एकाच घाटाचे! मामांच्या मनात ही शंका आली आणि गेली. "फूट ब्याऐंशी. केस, दोन. एक काळा, एक करडा. वळणदार. फूट शंभर. केस, करडा. फूट एकशे आठ. केस, तीन, पांढरे, आखूड, वळण..."

मामा थांबले. डावा हात आपोआप डोक्यावर गेला. तिथे काही नव्हतं.

पांढऱ्या उजेडात सगळ्या हॉलला तो हात दिसत होता. यंत्राची घरघर तेवढी चालू होती. आणि पहिल्या रांगेतून मामींचा आवाज आला, चौदा वर्षांचा दावा जिंकल्याचा आवाज.

"अहो, तुमचेच आहेत ते! काखेत कळसा नि गावाला वळसा! कामावर जाऊन गाळत होतात होय!"

हॉल खदखदून हसला. मामाही हसले, त्यांना आवरेना. दिव्यावर वाकून, भिंग लावून, दुसऱ्यांची घाण म्हणून ते जी काढत होते, तारीख घालून ठेवत होते, त्यात निम्मे ते स्वतःच होते. कुठल्या कुठल्या थिएटरांतल्या लोकांना त्यांनी मनात शिव्या घातल्या होत्या, की केस विंचरता तरी कुठे रे! त्यांनी भिंगरीकडे पाहिलं. ती यंत्राशी उभी होती आणि हसत नव्हती. तिला हे आठ महिने माहीत होतं. चिमट्यानं उचलून उचलून तिनंच तर ते लावले होते.

"मामा," ती हळूच म्हणाली, "फिल्म पुढे चाललीय."

मामांनी वही वर धरली. दोन नोंदी सुटल्या होत्या. "फूट एकशे वीस," ते म्हणाले. "केस, पांढरा, एक. उजवीकडे खाली." तीस माणसांनी उजवीकडे खाली पाहिलं. "यापुढे केस नाहीत."

उरलेली दोन-अडीच मिनिटं नुसते कण आणि तंतू होते. ते त्यांनी शेवटपर्यंत वाचले.

शनिवारी मामा नेहमीच्या वेळेला कचेरीत गेले. दुपारी साहेबांचं भाषण आणि घड्याळ होतं, पण सकाळ रिकामी होती. भिंगरीचं रीळ भांडारात ठेवायचं ठरलं होतं, वहीच्या प्रतीसकट. भांडारात जाणारी फिल्म आधी तपासायची, हा नियम. मामांनी दिवा लावला, भिंग डोळ्याला लावलं आणि ती फिल्म काचेवरून सरकवायला लागले. काल यंत्रातून गेलेली असूनही फिल्म लख्ख होती. नऊ, अकरा, चौदा. ज्या त्या फुटाला त्यांचे ओठ हलत होते.

चाळिसाव्या फुटाला हात थांबला. चित्राच्या मधोमध एक केस होता. काळाभोर, लांबलचक, काल रीळ गुंडाळताना पडलेला. हा केस ओळखायला मामांना भिंगाची गरज नव्हती.

ब्रश त्यांनी उचलला होता. तो तसाच जरा वेळ हातात राहिला. मग त्यांनी ब्रश बाजूला ठेवला, वही ओढली आणि चौऱ्याण्णवावी नोंद केली.

फूट ४०: केस, काळा, लांब. भिंगरीचा. राहू दिला.